सातवं रीळ

अम्मीने ट्रंकेची चावी मागितली तेव्हा कौसर खिमा परतत होती. तिने मागे वळूनही पाहिलं नाही. रविवारची सकाळ, साडेसात वाजलेले, नऊला दिलशाद टॉकीजमध्ये शो आणि त्याआधी घरातल्या सगळ्यांचा नाष्टा. एवढ्या घाईत चावीचा विषय काढायचं अम्मीला आपणहून सुचलेलं नाही, हे ती ओळखून होती. आरिफने तिला शिकवून पाठवलं होतं.

"देऊन टाक की," अम्मी, म्हणजे इमामबी, दाराला टेकून म्हणाली. "जुन्या वह्याच त्या. घरातलंच पोर हाय. बाहेरच्याला देतीयस का?"

"बाहेरच्यानं निदान विचारलं असतं," कौसर म्हणाली आणि गॅस बंद केला.

घरातलं पोर म्हणजे कौसरच्या थोरल्या भावाचा, एजाजभाईचा मुलगा आरिफ. चार वर्षांपूर्वी मुंबईला गेला, सिनेमावाल्यांच्या मागे मागे हिंडला आणि आता लेखक म्हणून परत आला होता. एका जुन्या तेलुगू पिक्चरवरून काढलेला हिंदी पिक्चर शुक्रवारी लागला होता आणि पाटीवर नाव होतं, संवाद आरिफ मकदूम. मागच्या वर्षी बकरी ईदला आला तेव्हा कौसरच्या ट्रंकेतली एक वही वाचायला म्हणून घेऊन गेला होता. तेव्हा तिला किती बरं वाटलं होतं! तीस वर्षांत या घरातल्या एकाही माणसाने तिची वही उघडून बघितली नव्हती. आज त्याला उरलेल्या सगळ्या हव्या होत्या, कारण मुंबईच्या कंपनीने त्याला आणखी तीन साऊथच्या पिक्चरांचं हिंदी करायला दिलं होतं.

त्या वह्यांची गोष्ट अशी. दिलशाद टॉकीज मकदूमसाहेबांनी, म्हणजे कौसरच्या अब्बांनी उभं केलं. तीनचे, सहाचे, नऊचे हिंदी शो थोरला म्हणून एजाजभाई सांभाळायचा. रविवारी सकाळी नऊला तेलुगू पिक्चर लागायचा, सोलापूरच्या पूर्व भागातल्या तेलुगू विणकरांसाठी आणि विड्या वळणाऱ्या बायकांसाठी, आणि तो शो सांभाळायला घरातला एकही पुरुष तयार नव्हता. एजाजभाई त्याला विड्यांचा शो म्हणायचा. शो सुटला की फिनेलची बादली घेऊन स्वतः उभा राहायचा आणि खुर्च्यांमधून शिंपडायला लावायचा, का तर तंबाखूचा वास हिंदीच्या गिऱ्हाइकाला लागू नये. बायका अजून जिन्यात असायच्या. त्यांच्या समोर हे चालायचं. सोडचिठ्ठी होऊन बाविसाव्या वर्षी माहेरी परत आलेल्या कौसरच्या वाट्याला हा शो आला, कारण ती कुणालाच नको होती आणि तो शोही कुणालाच नको होता.

तिने मात्र तो असा धरला की सोडलाच नाही. तेलुगू ती बायकांच्या ओसरीवर बसून शिकली. दर गुरुवारी पूर्व भागात जायची, कोणता पिक्चर मागवू म्हणून विचारायची. तेलुगू न कळणारे रिक्षावाले, हमालही नुसत्या मारामारीसाठी यायचे आणि कोण कुणाचा भाऊ म्हणून एकमेकांना विचारत बसायचे. त्यांच्यासाठी अब्बांनी मशीनच्या केबिनमध्ये एक माइक लावला. इंटरवल झाला की कौसर माइकवर तोवरची गोष्ट दखनी हिंदीत सांगायची, संवादासकट. ज्यांना तेलुगू येत होतं त्या बायकासुद्धा चहाला न जाता ऐकत बसायच्या. घरी आली की सांगितलेलं सगळं ती वहीत उतरवून ठेवायची. अशा बासष्ट वह्या झाल्या होत्या. आरिफच्या हाताला त्यातली नेमकी सातव्या रिळाची वही लागली होती.

नाष्ट्याला बसल्यावर आरिफचं सुरू झालं. हिंदीवाल्यांकडं गोष्टच राहिलेली नाही, तिथले हिरोसुद्धा आता दाढी वाढवून लुंगी नेसून यायला लागलेत, निर्माते हैदराबाद आणि चेन्नईच्या चकरा मारतात, साऊथकडं माती आहे, घाम आहे, आईबाप आहेत. एजाजभाई खिम्यात पाव बुडवून मान डोलवत होता. लॉकडाऊननंतर बंद पडलेलं टॉकीज साऊथच्या डब पिक्चरांनी पुन्हा उभं केलं, हे तोही आता चारचौघांत छाती काढून सांगायचा. जणू याच्याच नाकाला तो घाम कधी झोंबला नव्हता.

कौसरने बशी खाली ठेवली. पिक्चर तिने शुक्रवारीच बघितला होता. "तुझ्या पिक्चरमधला तो विड्यांचा सीन माझा आहे, आरिफ."

 आरिफच्या तोंडावर हसू आलं, समजूत घालणारं.

"फुप्पी, तो मूळ तेलुगू पिक्चरमधला आहे. कंपनीने रीतसर हक्क घेतलेत. तू त्याचं हिंदी करून ठेवलं होतंस, एवढंच. त्यासाठी तुझे लाख आभार."

आणि त्याने तिच्या डोळ्यांत बघितलं. कौसरला तिथंच कळलं की पोराने मूळ पिक्चर बघितला आहे, एकदा नाही, चार वेळा बघितला आहे. त्यात तो सीन नाही हे त्याला माहीत आहे. आणि ही बाई ते कधीच उघड बोलणार नाही, हेही त्याने हेरलेलं आहे. 

कारण ते बोलायचं म्हणजे सातव्या रिळाचं सांगावं लागणार. त्या वेळी पिक्चरचे डबे सिकंदराबादहून रेल्वेने यायचे. एका रविवारी डब्यात सातवं रीळच नव्हतं, आणि ते शो सुरू झाल्यावर कळलं. सहाव्या रिळाच्या शेवटी आई शहरातून आलेल्या लेकाच्या तोंडावर दार लावते, आणि लगेच आठव्यात दोघं हात धरून जमीनदाराच्या घरी निघालेले. थेटरात असा गोंधळ उडाला की एक चप्पल पडद्यापर्यंत गेली. अब्बांचा चेहरा पडला. दिलशादमध्ये लाइट गेली तरी दुसऱ्या रविवारी पूर्ण पिक्चर फुकट दाखवणारा माणूस तो, गिऱ्हाइकाला कधी फसवलं नाही ही त्यांची कमाई. ते एवढंच म्हणाले, "बेटा, काही तरी सांग."

तिने इंटरवलला सांगितलं. रिळाची पट्टी तुटली म्हणून ठोकून दिलं आणि त्यात काय होतं ते मनानेच रचलं. आई अंगणात सूप मांडीवर घेऊन पानं कातरतेय. लेक बूट घालून समोर उभा आहे. आई वर बघत नाही, सूप त्याच्याकडं सरकवते आणि म्हणते, "पच्चीस बना. हात को याद है तो मेरा बेटा, नै तो मेहमान." लेकाची पहिली विडी फुटते, दुसरी सुटते, तिसरी बसते. पंचविसावीला आई त्याचे बूट उचलून घरात नेऊन ठेवते. खाली बायका हुंदके देऊन रडत होत्या. घरी जाताना कौसरच्या लक्षात आलं आणि ती रस्त्यातच थांबली. पिक्चरमधली आई समुद्राकाठी मासे सुकवायची. तिच्या हातात सूप आलं कुठून? पण कुणी काही बोललं नाही, विषय मिटला. तरी अब्बांच्या टॉकीजमध्ये आपण भरल्या थेटराला खोटं ऐकवलं, ही टोचणी तिला कायम राहिली, आणि तीही तिने त्याच वहीत लिहून ठेवली.

"बोल की आता," एजाजभाई म्हणाला. "त्यात होता का न्हाय तो सीन?"

कौसरने मान खाली घातली. इमामबीने सुस्कारा सोडला आणि नातवाच्या ताटात खिमा वाढला. झालं, निकाल लागला. कधी नव्हे ते घर एका बाजूला झालं होतं.

तेवढ्यात माहेनूरने मोबाइल पुढे केला. ती आरिफची धाकटी बहीण, उर्दू शाळेत शिकवते, भावाच्या नावाच्या बातम्या गोळा करायचा तिला दोन दिवस नादच लागला होता.  "भाईजान, मग हे काय आहे? कालची मुलाखत तुझी." आणि तिने वाचून दाखवलं. "हा प्रसंग मूळ चित्रपटात नाही, तो मला सुचला. लहानपणी दादीच्या मांडीवर बसून मी विड्या वळणाऱ्या बायका पाहिल्या आहेत."

दादीच्या मांडीवर! इमामबी जन्मात कधी पूर्व भागात गेली नव्हती. लहानपणी आरिफ त्या ओसऱ्यांवर कुणाच्या मांडीवर बसायचा, ते घरात सगळ्यांना माहीत होतं.

आरिफने मोबाइल उलटा करून ठेवला. पेपरवाल्यांशी असं बोलावं लागतं म्हणाला, धंद्याची रीत आहे. घरात एक आणि पेपरात एक, दोन्ही तोंडं त्याने नाष्टा संपायच्या आत दाखवली, आणि लाज म्हणून नाही. एजाजभाई उलट माहेनूरवरच डाफरला. आज मुंबईच्या कंपनीचा माणूस येणार आहे, तमाशा नको, नाव फुप्पीचं असलं काय आणि आरिफचं असलं काय, मकदूमच ना? इमामबीने पुन्हा चावीसाठी हात पुढे केला. पण या वेळी तिची नजर कौसरकडं नव्हती, ताटाकडं होती. चावी कौसरच्या गळ्यातल्या दोऱ्यात होती आणि ती तिथेच राहिली.

टॉकीजसमोर सहा बस उभ्या होत्या. जुन्या मॉर्निंग शोची आठवण म्हणून कंपनीने विडी घरकुलातून, म्हणजे विडी कामगारांच्या वसाहतीतून, तीनशे बायका बोलावल्या होत्या. कंपनीचा माणूस इंद्रजीत, तिशीचा, हातात कॅमेरा. त्याला अस्सल तेलुगू बायका रडताना हव्या होत्या, म्हणजे हिंदीवाल्यांना दाखवता येईल की आमचा पिक्चर साऊथचीच माणसं डोक्यावर घेतात. तो आरिफच्या खांद्यावर हात टाकून फिरत होता आणि त्याला सर म्हणत होता.

आणि दारात कोण उभं होतं? एजाजभाई. हातात गुलाबदाणी. आत जाणाऱ्या एकेका बाईवर गुलाबपाणी शिंपडत होता आणि या, या अक्का, म्हणत होता. त्या बायका काही विसरल्या नव्हत्या. अंबुबाई त्याच्यासमोर थांबली. पंचाहत्तरीची, बोटांची टोकं तंबाखूने पिवळी झालेली. तिने पदराने कपाळावरचं पाणी पुसलं.

"फिनेल संपलं का हो सावकार?" तिने साधेपणाने विचारलं आणि आत गेली.

कौसर केबिनमध्ये जाऊन बसली. आता रीळ नाही, डबा नाही, मुंबईहून पासवर्ड येतो आणि पिक्चर आपोआप चालतो. माइक मात्र कोपऱ्यात होता, पार्किंगमधली गाडी काढा म्हणायला. भिंतीतल्या चौकोनी भोकातून तिने खाली बघितलं. पहिल्या रांगेत आरिफ, इंद्रजीत, एजाजभाई. मधल्या रांगेत माहेनूरने अम्मीला अंबुबाईशेजारी बसवलं होतं, ते मुद्दामच असावं.

पिक्चरवाल्यांनी एक गोष्ट मात्र नीट केली होती. आईचे मासे काढून टाकून तिला पहिल्यापासून विड्याच वळायला लावल्या होत्या. आंध्राची माती म्हणे! ती माती सोलापूरच्या कन्ना चौकामागची होती, आणि मुंबईच्या एकालाही तिचा पत्ता नव्हता.

इंटरवलच्या थोडं आधी तो सीन आला. अंगण, सूप, कातरलेली पानं, समोर बूट घातलेला लेक. इंद्रजीत उठला आणि कॅमेरा बायकांकडे धरून उभा राहिला. पडद्यावरच्या आईने सूप सरकवलं. तिने तोंड उघडायच्या आत खालून अंबुबाईचा खरखरीत आवाज आला, "पच्चीस बना." तिच्या मागून दहा आवाज आले आणि मग सगळं थेटरच बोलायला लागलं. "हात को याद है तो मेरा बेटा, नै तो मेहमान."

पडद्यावरची आई तेच वाक्य त्यांच्यामागून म्हणाली. तिचं 'नहीं' होतं, बायकांचं 'नै' होतं. बायका हसल्या, टाळ्या पडल्या. इंद्रजीतचा कॅमेरा खाली आला.

"सर, यांना कसं माहीत? पिक्चर परवा लागलाय," त्याने विचारलं. आरिफ काहीतरी पुटपुटला आणि उठून जिन्याकडे धावला.

इंटरवलचे दिवे लागले तेव्हा तो केबिनच्या दारात होता, मागे एजाजभाई, त्याच्या मागे इंद्रजीत. कौसरने माइक हातात घेतलेला होता.

"फुप्पी, दादाजींचा विचार कर," आरिफ हळू आवाजात म्हणाला. "लोक म्हणतील, मकदूमसाहेबांनी खोटा पिक्चर दाखवला."

तिचा हात थांबला. अब्बांचं नाव घेऊन तो तिला गप्प करत होता, ज्या अब्बांनी तिला हा माइक दिला होता. तिने डोळे मिटले, बटण दाबलं आणि आधी तेलुगूत नमस्कार केला, जुन्या रविवारी करायची तसाच. खालची कुजबुज थांबली. मग ती बोलली, आणि तिच्या आवाजात राग होता आणि रडूही होतं. तीस वर्षांपूर्वी तुम्ही रडलात तो सीन पिक्चरमध्ये नव्हता, म्हणाली. सातवं रीळ आलंच नव्हतं. पट्टी तुटली हे खोटं होतं आणि विड्यांची गोष्ट मी इथे उभी राहून मनाने सांगितली. मी तुम्हाला फसवलं, अब्बांनी नाही. आज तीच गोष्ट तुम्हाला पडद्यावर दाखवली, आणि खाली माझं नाव नाही.

 कौसरला वाटलं, संपलं, ही माणसंही गेली हातची. मग अंबुबाई उठली आणि मान वर करून भोकाकडं बघत बोलली. तिला माइकची गरज नव्हती.

"आगं ये, आमाला म्हाईत होतं की त्याच दिवशी! ती आई मासळीवाली, तिच्या घरात सूप कुटनं येणार? पुढं मी भावाच्या गावी तो पिच्चर परत बगितला, त्यात विडीचं नाव न्हाय. मी हितं येऊन सगळ्यांना सांगितलं, तितलं खोटं हाय, आपल्या कौसरचं खरं हाय."

थेटर हसलं, आणि हसता हसता अर्ध्या बायकांनी डोळ्यांना पदर लावले. कौसरला भोकातून पुढचं काही दिसेना. तीस वर्षं उगाच चोरासारखी वागलो आपण, असं तिला झालं. या बायकांनी तिची चूक पोटात घातली होती आणि तिला कळूही दिलं नव्हतं.

तिने वळून माइक आरिफपुढे धरला. बटण चालूच होतं.

"आता तू सांग," ती म्हणाली. "सातवं रीळ कुणाचं?"

तिला अजूनही वाटत होतं की तो बोलेल. दोनच शब्द होते. तीनशे बायका वर बघत होत्या, इंद्रजीत त्याच्याकडे बघत होता. आरिफने माइककडं बघितलं, बापाकडं बघितलं, मग खिशातला मोबाइल काढून त्यात बघायला लागला. त्याच्या श्वासाचा आवाज खाली थेटरभर ऐकू येत होता. एजाजभाई पुढे झाला आणि माइक काढून घ्यायला त्याने हात लांब केला.

"हात लावू नको," मागून आवाज आला.

इमामबी होती. दुखऱ्या गुडघ्यांनी एकेक पायरी चढत वर आली होती, माहेनूरचा खांदा धरून. तिने नातवाकडं बराच वेळ बघितलं, तो मान वर करतो का म्हणून. त्याने केली नाही. मग आरिफकडं बोट दाखवत ती लेकाकडं वळली.

"एजाज," ती म्हणाली, "खाली जा आणि मेहमानासाठी चहा सांग."